खोडणाऱ्या हातानेही हिशेब द्यावा

(दिंडोरी येथे दिलेल्या व्याख्यानाचा संपादित अंश)



दिंडोरीच्या शेतकऱ्याला सातबाऱ्याचे महत्त्व सांगावे लागत नाही. फेरफार करायचा तर संबंधितांना नोटीस द्यावी लागते, हरकतीला मुदत असते आणि निर्णय पटला नाही तर अपील करता येते. तलाठ्याच्या मनात आले म्हणून नाव खोडले, असे कायद्यात चालत नाही. आज आपला विचार आणि व्यवहार फेसबुक, यूट्यूबसारख्या समाजमाध्यमांच्या वहीत नोंदला जातो. तेथील नोंद कोण खोडतो, का खोडतो आणि दाद कोठे मागायची, हा आजचा विषय आहे.

काहीच खोडू नये, असे कोणी म्हणेल. त्याने राईनपाडा आठवावे. १ जुलै २०१८ रोजी शेजारच्या धुळे जिल्ह्यातील त्या गावी, मुले पळवणारी टोळी आल्याच्या अफवेवरून जमावाने भटक्या समाजाच्या पाच निरपराध माणसांचे प्राण घेतले. अशा अफवा व्हॉट्सॲपवरून पसरत होत्या. त्याच महिन्यात व्हॉट्सॲपने भारतात संदेश पुढे पाठवण्यावर पाचची मर्यादा घातली. मर्यादा आली, पण जीव गेल्यावर.

याची दुसरी बाजू पालघरची. नोव्हेंबर २०१२ मध्ये मुंबई बंदविषयी फेसबुकवर मत लिहिणाऱ्या आणि त्याला पसंती देणाऱ्या दोन तरुणींना अटक झाली. या प्रकरणानंतर माहिती तंत्रज्ञान कायद्यातील कलम ६६अ न्यायालयात आव्हानित झाले. त्यातील ‘त्रास’, ‘गैरसोय’ हे शब्द इतके सैल होते की कोणीही त्यांत सापडावा. २४ मार्च २०१५ रोजी सर्वोच्च न्यायालयाने ते कलम रद्द केले. मजकूर रोखण्याचे कलम ६९अ मात्र न्यायालयाने कायम ठेवले. कारण त्यात आदेशाची कारणे लेखी नोंदवण्याचे बंधन आहे. अधिकार असावा, पण त्याच्यामागे कारण लिहिलेले असावे, हा त्याचा मथितार्थ.

२०२१ च्या नियमांनी पन्नास लाखांहून अधिक भारतीय वापरकर्ते असलेल्या कंपन्यांना भारतात तक्रार निवारण अधिकारी नेमणे आणि दरमहा अहवाल प्रसिद्ध करणे बंधनकारक केले. २०२३ मध्ये केंद्राने अपील समित्याही नेमल्या. हे स्वागतार्ह आहे, पण पुरेसे नाही. किती मजकूर काढला हे अहवालातून कळते. किती चुकून काढला आणि मराठी जाणणाऱ्या किती माणसांनी तो तपासला, हे सांगण्याची सक्ती आपल्या नियमांत नाही. युरोपीय संघाचा कायदा मोठ्या कंपन्यांकडून असा भाषावार तपशील मागतो. दिंडोरीच्या बोलीतील थट्टा आणि धमकी यांतला फरक यंत्राला किंवा परभाषकाला कसा उमगावा? तोच हिशेब मराठीसाठी मागणे हा हट्ट नव्हे.

सरकारही याला अपवाद नसावे. मजकूर रोखण्याच्या २००९ च्या नियमांत गोपनीयतेचे कलम आहे. लेखी कारण फाइलीतच राहिले, तर ज्याचा मजकूर गेला त्याने दाद कशाच्या आधारे मागावी?

वृत्तपत्रावर संपादकाचे नाव छापलेले असते. चुकीचा जाब कोणाला विचारावा, हे वाचकाला ठाऊक असते. तशी उत्तरदायी व्यक्ती समाजमाध्यमांतही दिसली पाहिजे. आपल्या घरापुरते एवढे अवश्य करावे: खातरजमा न केलेला संदेश पुढे पाठवू नये, आपला मजकूर काढला गेला तर लेखी कारण मागावे, तक्रारीचा क्रमांक जपावा आणि अपील करावे. विचारणारा नागरिक असेल, तरच उत्तर देणारी व्यवस्था उभी राहते.