प्रोबेशन संपलं, आता फॉर्ममध्ये काय लिहू?



मी वकील नाही. इंजिनिअरिंग केलं आणि सॉफ्टवेअर लिहून पोट भरतो. तरी ओळखीतली मुलं मला कोर्टाच्या कागदांचे फोटो पाठवतात, कारण नोकरीचा फॉर्म भरताना एका रकान्यापाशी अडकलेली असतात. प्रश्न बहुतेक एकच असतो: “भाई, केस संपली, प्रोबेशनही संपलं. आता रेकॉर्ड पुसून कसं घ्यायचं?”

हे ‘पुसून घेणं’ आपल्याकडे इंटरनेटवरून आलंय. अमेरिकेत कॅलिफोर्नियासारख्या राज्यात प्रोबेशन नीट पूर्ण केल्यावर कोर्टात अर्ज करता येतो आणि दोषसिद्धी मागे घेतली जाते. तिथेही ती सगळीकडून नाहीशी होत नाही. सरकारी लायसन्स मागताना सांगावीच लागते. भारतात प्रौढ माणसाची दोषसिद्धी अशी पुसून देणारा सर्वसाधारण कायदाच नाही. कुणी पैसे घेऊन “रेकॉर्ड क्लिअर करून देतो” म्हणाला, तर त्याला चहा पाजा आणि निरोप द्या.

मग आपल्याकडे आहे काय? १९५८ चा अपराधी परिवीक्षा कायदा. त्याचं कलम ३ छोट्या गुन्ह्यांसाठी आहे: चोरी, फसवणूक असे काही ठरावीक गुन्हे, किंवा ज्यांना दोन वर्षांपर्यंतच शिक्षा आहे असे. आधी दोषसिद्धी नसेल तर कोर्ट समज देऊन सोडू शकतं. कलम ४ त्याहून मोठं आहे. फाशी किंवा जन्मठेपेची तरतूद नसलेल्या गुन्ह्यात कोर्ट शिक्षा न सुनावता चांगल्या वर्तणुकीच्या बाँडवर सोडू शकतं, जास्तीत जास्त तीन वर्षांसाठी. यालाच आपण प्रोबेशन म्हणतो.

आणि मग येतं कलम १२, ज्याबद्दल फार कमी मुलांना माहीत असतं. कलम ३ किंवा ४ खाली सोडलेल्या माणसाला, दोषसिद्धीमुळे दुसऱ्या कुठल्या कायद्याने येणारी अपात्रता लागू होत नाही. बाँड मोडला आणि मूळ गुन्ह्यासाठी शिक्षा झाली, तर मात्र हे संरक्षण जातं.

माझ्या धंद्याच्या भाषेत सांगतो. आम्ही डेटाबेसमधली ओळ सहसा उडवत नाही. तिला एक खूण लावतो, म्हणजे प्रोग्रॅम ती ओळ मोजत नाही. पण ओळ जागेवर असते. कलम १२ म्हणजे ती खूण. निकालपत्रात तुम्ही दोषी आहात, ई-कोर्ट्सच्या साइटवर नावाने शोधलं तर केस दिसेल. फक्त कायद्याने लागणारी अपात्रता लागणार नाही.

हा फरक किरकोळ नाही. दिल्लीच्या दूध योजनेत एक कॅश क्लार्क होता. पाचशे रुपयांच्या अपहाराचा गुन्हा त्याने कबूल केला, पैसे भरले, मॅजिस्ट्रेटने प्रोबेशनवर सोडलं. तरी खात्याने बडतर्फ केलं. १९८५ मध्ये सर्वोच्च न्यायालय म्हणालं की नोकरीवरून काढणं ही कलम १२ मधली ‘अपात्रता’ नव्हे, त्यामुळे ते कलम इथे वाचवत नाही. पण शिक्षा लहरीपणाची आहे म्हणून त्याला कामावर परत घेण्याचा आदेश दिला. तो जिंकला, पण बडतर्फीनंतर वीस वर्षांनी.

म्हणून माझं म्हणणं असं, की प्रोबेशन संपल्यावर धावपळ करण्यापेक्षा निकालाच्या दिवशी जागे राहा. आपल्याकडे मारामारी, जमावबंदी अशा केसमध्ये सर्रास सल्ला मिळतो: “कबूल कर, दंड भर, मोकळा हो.” घरचेही म्हणतात, तारखा संपल्या एकदाच्या. पण दंड भरून सुटणं हीसुद्धा दोषसिद्धी आहे, आणि तिला कलम १२ चं संरक्षण नाही. तीच केस कलम ३ किंवा ४ खाली संपली असती तर असतं. वकिलाला सांगा की हा अर्ज करा. मॅजिस्ट्रेटने नाकारला तर अपिलातही मागता येतं. सेशन्स कोर्टात अपिलाची मुदत साधारण तीस दिवसांची. आणि दोषसिद्धी खरोखर जायला हवी असेल, तर ती अपिलात निर्दोष ठरूनच जाते.

वयाचंही एक गणित आहे. एकवीसच्या आतल्या मुलाला तुरुंगात पाठवायचं तर कलम ६ प्रमाणे कोर्टाला कारणं लिहावी लागतात. पण वय मोजतात ते निकालाच्या दिवसाचं, घटनेच्या दिवसाचं नव्हे. एकोणिसाव्या वर्षी केस झाली आणि निकाल चोविसाव्या वर्षी लागला, तर ही सवलत गेली. मला यात न्याय दिसत नाही, पण कायदा आज असा आहे. कलम ४ ला मात्र वयाची अट नाही. आणि घटनेच्या दिवशी अठरापेक्षा लहान असाल तर चित्र वेगळंच: २०१५ च्या बालन्याय कायद्याच्या कलम २४ ने अपात्रता लागत नाही आणि ठरलेल्या मुदतीनंतर रेकॉर्ड नष्ट करायचं असतं. अपवाद आहे तो सोळा वर्षांवरच्या मुलाने केलेल्या, बाल न्यायालयाने प्रौढासारख्या चालवलेल्या घोर गुन्ह्याचा. पुसणं म्हणायचं तर आपल्याकडे एवढंच.

आता फॉर्म. “तुम्हाला कधी दोषी ठरवलं आहे का?” याला उत्तर ‘हो’. पुढे एक ओळ: परिवीक्षा कायद्याच्या अमुक कलमाखाली सोडलं, मुदत पूर्ण, कलम १२ लागू. सोबत आदेशाची प्रमाणित प्रत. अवतार सिंग खटल्यात २०१६ साली सर्वोच्च न्यायालयाने सांगितलंय की खरं सांगितलं तरी नोकरी द्यायचीच अशी सक्ती नाही, पण मालकाने गुन्ह्याचं स्वरूप आणि सगळी परिस्थिती बघून ठरवायचं. लपवलेलं सापडलं तर लपवणं हेच काढायचं कारण होतं. प्रश्न फक्त ‘केस चालू आहे का’ एवढाच असेल आणि केस संपलेली असेल, तर ‘नाही’ हे खरं उत्तर आहे. विचारलं तेवढंच सांगा.

पासपोर्टला उलटंच होतं. तिथे जुन्या छोट्या शिक्षेपेक्षा चालू केस जास्त नडते. नियम पाच वर्षांच्या आतल्या, नैतिक अधःपतनाच्या, किमान दोन वर्षं कैदेच्या शिक्षेबद्दल बोलतो. केस चालू असेल तर त्याच कोर्टातून परवानगी घेऊन अर्ज करता येतो.

प्रमाणित प्रत आजच काढून ठेवा. फाइल रेकॉर्ड रूममध्ये गेली की शोधायला वेळ लागतो. ज्यांनी कागद आणलेत त्यांनी थांबा, एकेक करून बघू.