वसईच्या तरुणांनो, ४८ तासांत सिनेमा!

गोव्यात दरवर्षी नोव्हेंबरमध्ये भरणाऱ्या इफ्फी या आंतरराष्ट्रीय चित्रपट महोत्सवात २०२१ पासून होतकरू सिनेकर्मींची खास निवड होते. वय पस्तिशीच्या आत हवं. स्वातंत्र्याच्या पंचाहत्तरीनिमित्त आधी ७५ जण घेतले, २०२४ मध्ये शंभर. त्यांचे गट पाडतात, विषय देतात आणि ४८ तासांत लघुपट तयार करून मागतात! दिग्दर्शकच असायला हवं असं नाही. संकलन, ध्वनी, वेशभूषा करणाऱ्यांनाही जागा असते.

वसई-विरारच्या मुलांना सराव करायला जागांची ददात नाही. १७३९ साली चिमाजी अप्पांनी जिंकलेला वसईचा किल्ला सिनेमावाल्यांचा जुना लाडका. कोल्डप्ले या ब्रिटिश बँडच्या २०१६ मधल्या गाण्याचंही काही चित्रीकरण इथलंच. मात्र किल्ला पुरातत्त्व खात्याकडे आहे; कॅमेरे, माणसं घेऊन जायचं तर आधी परवानगी काढा.

आणि एक सांगतो. नवखी मंडळी कॅमेऱ्यावर जीव टाकतात, आवाजाकडे दुर्लक्ष करतात. वसईतल्या सुरुची बागेच्या किनाऱ्यावर संध्याकाळी वारा सुटला की मोबाइलमध्ये नुसती घरघर भरते, संवाद पार बुडतात. माइकवर केसाळ टोपडं चढवा, तो बोलणाऱ्याच्या छातीजवळ धरा. शिवाय शूटिंग संपल्यावर तिथला निव्वळ वारा-लाटांचा आवाज मिनिटभर वेगळा टिपून ठेवा. संकलनाच्या टेबलावर दोन संवादांमधली भगदाडं बुजवायला तोच उपयोगी पडतो.