एपिसोड: पाऊस पाडणारी नाही, पाऊस सांभाळणारी देवी

कानात इअरफोन असतील, बाहेर पाऊस असेल, तर आजचा विषय एकदम फिट आहे.

गेम्स आणि अ‍ॅनिमेमधली पावसाची देवी तुम्ही पाहिली असेल. ढगांवर बसलेली, हातात वीज, भक्तांनी हाक मारली की धो धो पाऊस. मला प्रश्न पडला, आपल्या मालवणात अशी देवी कोण? आजीला फोन लावला. ‘आजये, आपली पावसाची देवी खंयची गो?’ ती म्हणाली, ‘पाऊस काय, येतलोच. पाण्याक रवाक जागा होयी.’

या एका वाक्यात सगळा एपिसोड आहे.

बघा, तमिळनाडूत मारियम्मन आहे. तमिळमध्ये ‘मारी’ म्हणजे पाऊस. तिथे कोरड्या भागात माणसं तिच्याकडे पाऊस मागतात. आपल्याकडे सिंधुदुर्गात वर्षाला 3000 मिलिमीटरच्या वर पाऊस पडतो. मागायची गरजच नाही. आपला प्रॉब्लेम वेगळा आहे. जमीन उताराची, खाली सच्छिद्र जांभा. पाणी येतं आणि बघता बघता खाडीला मिळतं. म्हणून जुलैत पूर आणि मे महिन्यात विहिरीचा तळ.

मग आपली देवी कोण? सातेरी. गावोगाव तिची देवळं आहेत, आणि कितीतरी ठिकाणी गाभाऱ्यात मूर्ती नसते, वारूळ असतं. मातीचं, खरंखुरं. गोव्यात हीच सांतेरी, आणि पुढे बऱ्याच ठिकाणी ती शांतादुर्गा झाली. रा. चिं. ढेरे यांनी ‘लज्जागौरी’ या पुस्तकात वारुळाची पूजा ही भूमातेच्या गर्भाशयाची पूजा आहे, असं मांडलंय. म्हणजे ही आभाळातली देवी नाहीच. ही मातीची देवी आहे.

आता इंजिनिअरच्या डोक्याने बघू. वारूळ बांधते वाळवी. साप नंतर राहायला येतो, भाडं न देता! वाळवीला ओलावा लागतो, त्यासाठी ती जमिनीत खोलवर बोगदे करते. त्याच बोगद्यांतून पावसाचं पाणी आत मुरतं. आणि हे जुन्या लोकांना ठाऊक होतं. सहाव्या शतकात वराहमिहिराने ‘बृहत्संहिता’ लिहिली. त्यात जमिनीखालचं पाणी शोधण्यावर अख्खा अध्याय आहे, आणि झाडाजवळचं वारूळ ही त्यातली एक मोठी खूण आहे.

मालवण तालुक्यात मसुऱ्याजवळ बिळवस गाव आहे. तिथलं सातेरीचं जलमंदिर बघाच. भोवती पाणी, मध्ये देऊळ. जत्रा आषाढात, भर पावसात.

देवीभोवती असते राई, म्हणजे देवराई. तिथलं झाड तोडायचं तर कित्येक गावांत आधी देवाला कौल लावायचा. गाऱ्हाणं घालायचं, सगळ्यांनी ‘व्हय म्हाराजा’ म्हणायचं. कौल नाही मिळाला तर कुऱ्हाड परत घरी. याला अंधश्रद्धा म्हणा हवं तर. पण सिस्टम म्हणून बघा: पाणलोटाचा सगळ्यात नाजूक तुकडा कुणा एकाच्या मर्जीवर सोडलेला नाही. परमिशन सगळ्या गावासमोर मागावी लागते.

आता खरी गोष्ट. आज आपण देवळं नवी करतोय. पैसे कोण पाठवतं? मुंबई-पुण्यातले आपणच. मग येतं मोठं सभागृह, फरशी, पेव्हर ब्लॉक, गाड्यांना पार्किंग. त्यासाठी राईतली चार झाडं जातात, आवार सिमेंटने बंद होतं. देवी चकाचक, आणि तिचं काम बंद. मग मे महिन्यात टँकर.

जीर्णोद्धार करू नका, असं मी म्हणत नाही. जुनं देऊळ गळत असेल तर छप्पर घालायलाच हवं. पण वर्गणीचा क्यूआर कोड गावच्या ग्रुपवर आला की पैसे पाठवण्याआधी दोन प्रश्न टाका. आवारातली माती उघडी राहणार आहे का? राईतलं एकही झाड जाणार आहे का? चाकरमानी पैसे देतो, तर त्याला विचारायचा हक्क आहे. सुरुवातीला काका-मामा चिडतील. पण एखाद-दोघे ‘व्हय’ म्हणतीलच.

कारण पाऊस येणारच आहे. तो थांबेल कुठे, हे आपण ठरवतोय.

तुमच्या गावच्या सातेरीबद्दल, राईबद्दल व्हॉइस नोट पाठवा, मालवणीत पाठवलीत तर अजून भारी. भेटूया पुढच्या एपिसोडमध्ये. येतंय हां!