हुन्नर आणि प्रमाणपत्र



खोदकामाच्या मोठ्या यंत्राला आपण 'पोकलेन' म्हणतो. ते मुळात एका फ्रेंच कंपनीचं नाव. 'जेसीबी' ही अक्षरं जोसेफ सिरिल बॅमफर्ड या इंग्रज कारखानदाराच्या नावाची. नावं परकी, पण खडीच्या खाणीत, कालव्यावर राबता राबता ही यंत्रं आपलीच झाली. ती दुरुस्त करणारे हात मात्र कुणाच्या ध्यानात राहत नाहीत. आज त्या हातांविषयी बोलायचं आहे.

माझे मामू ही यंत्रं दुरुस्त करत. शाळा चौथीपर्यंत. लहानपणीच हायवेवरच्या गॅरेजात उस्तादाच्या हाताखाली लागले. आधी पाने पुसले, मग पाने हातात दिले, मग पाने चालवले. इंजिनाच्या आवाजावरून ते त्याचं दुखणं सांगत. उजव्या हाताची तर्जनी मात्र अर्धीच होती.

एकदा खाणीवर पोकलेनचा एक पाइप गळत होता. गळती दिसेना. उस्ताद करायचे तसं मामूंनी चालू यंत्राच्या पाइपावरून बोट फिरवलं. काटा टोचल्यासारखं झालं. रक्ताचा थेंबही आला नाही. ते काम करत राहिले. दुसऱ्या दिवशी हात सुजला, आणि पुढे डॉक्टरांना बोट कापावं लागलं.

असं का झालं? पोकलेनचा लोखंडी हात तेलाच्या दाबावर उचलला जातो. मोटारीच्या टायरमध्ये हवेचा दाब तीस-पस्तीस पौंड असतो. इथे तेलाचा दाब चार-पाच हजार पौंडांपर्यंत जातो. पाइपाला सुईच्या अग्राएवढं भोक पडलं, तरी तेलाची अदृश्य धार कातडी भेदून आत शिरते. वरून दिसतो नुसता ठिपका, आत मांस सडू लागतं. अशा माणसाला तासाभराचाही विलंब न करता शस्त्रक्रियेला न्यावं लागतं. मामूंना हे कुणी सांगितलंच नव्हतं. उस्तादांनाही माहीत नव्हतं.

पुढे मामू रस्त्याच्या एका मोठ्या कामावर नोकरी मागायला गेले. साहेबांनी विचारलं, "प्रमाणपत्र?" मामूंनी दोन्ही हात पुढे केले. साहेब हसले. मामूंना हेल्परचा पगार मिळाला, आणि त्यांच्यावर नेमला गेला आयटीआय झालेला विशीतला मुलगा. मामू घरी येऊन जेवले नाहीत.

महिन्याभराने तिथेही एक पाइप गळू लागला. मामूंचा हात सवयीने पुढे गेला. त्या पोरानं तो धरला. "चाचा, हात नको," म्हणाला. त्यानं खोक्याचा एक लांब पुठ्ठा फाडून पाइपाजवळ धरला. पुठ्ठ्यावर तेलाचा डाग उमटला. मग त्यानं बकेट जमिनीवर टेकवली, इंजिन बंद केलं, आतला दाब सोडला, आणि नंतरच पान्याला हात लावला. मामू त्या रात्री मला म्हणाले, "पोरा, माझ्या बोटाची किंमत एक पुठ्ठा होती."

त्यांनी मुलाला, म्हणजे माझ्या मामेभावाला, आयटीआयत घातलं. डिझेल मेकॅनिकचा एक वर्षाचा अभ्यासक्रम, मग कारखान्यात उमेदवारी. कारागीर प्रशिक्षणाची ही योजना १९५० सालची, आणि उमेदवारीचा कायदा १९६१ चा. देशभर एकच परीक्षा आणि देशभर चालणारं प्रमाणपत्र, हा त्यामागचा विचार.

आम्ही कविता लिहिणारेही उस्तादाला मानतो. त्यानं एक शब्द बदलला की ओळ उभी राहते. म्हणून गॅरेजातल्या उस्तादाला मी कमी लेखणार नाही. यंत्राचा आवाज ऐकायला कान तोच शिकवतो. पण उस्तादाची चूकही शागिर्दाकडे वारशानं येते. हुन्नर हातातून हातात जातो. हे असंच का, याचं उत्तर शिकावं लागतं. आता तर ते अधिकच खरं आहे. २०२१ साली बांधकामाच्या यंत्रांना प्रदूषणाचे कडक नियम लागू झाले, आणि इंजिनात सेन्सर वाढले. नुसत्या कानानं आता भागत नाही.

मग ज्यांनी आयुष्य गॅरेजात घालवलं त्यांनी काय करायचं? २०१५ साली सुरू झालेल्या प्रधानमंत्री कौशल्य विकास योजनेत, काम करत शिकलेल्या माणसाचं कौशल्य तपासून त्याला प्रमाणपत्र देण्याची सोय झाली. ही वाट योग्य आहे. मात्र ती नुसती कागद वाटण्याची होऊ नये. परीक्षकानं कारागिराचा हात पाहावा, आणि जे त्याला कुणी सांगितलं नाही ते सांगावं. मालकानंही प्रमाणपत्र पाहून पगार वाढवावा. नाहीतर ते भिंतीवरच राहील.

मामूंच्या हयातीत ही सोय आली नाही. मामेभावाचं प्रमाणपत्र त्यांनी चौकट करून गॅरेजात लावलं होतं. त्याच्याच शेजारी खिळ्याला एक पुठ्ठा टांगला होता. नवा पोरगा कामाला आला, की मामू त्याला आधी तो पुठ्ठा दाखवत, आणि मग आपलं बोट.