लिंकन आणि मराठी वाचक



अमेरिकेचे राष्ट्राध्यक्ष अनेक होऊन गेले, पण मराठी घरात शिरला तो एकटा अब्राहम लिंकन. वॉशिंग्टन आपल्याकडे चेरीच्या झाडापुरता उरला आहे, आणि ती कुऱ्हाडीची गोष्टही वीम्स नावाच्या एका चरित्रकाराने वॉशिंग्टनच्या मृत्यूनंतर आपल्या पुस्तकात घातलेली. केनेडी त्याच्या हत्येपुरता आठवतो. लिंकन मात्र मराठी शाळेच्या भिंतीवर असतो, मुख्याध्यापकांच्या खोलीत असतो आणि निरोपसमारंभातील प्रमुख पाहुण्यांच्या भाषणात तर हमखास असतो. मुलाच्या मुख्याध्यापकांना त्याने लिहिलेले म्हणून जे पत्र प्रसिद्ध आहे, ते खडेबाजारातून दप्तर घेऊन मराठी शाळेत गेलेल्या कोणालाही नव्याने सांगावे लागत नाही. कविवर्य वसंत बापट यांच्या अनुवादाने त्याला असा काही मराठी गळा लाभला, की ते परक्या मुलखातून आले आहे हेच वाचकाच्या ध्यानातून गेले.

हे पत्र लिंकनचे आहे, याला मात्र कोणताही पुरावा नाही. लिंकनच्या साऱ्या उपलब्ध लेखनाचे संपादन रॉय बास्लर यांनी करून त्याचे आठ खंड १९५३ साली प्रसिद्ध केले. चार-दोन ओळींच्या चिठ्ठ्याही त्यांत आहेत. हे पत्र नाही. शिवाय लिंकनचा संसार डोळ्यांपुढे आणला, तर ते कोणत्या मुलासाठी लिहिले असावे हेही उमगत नाही. त्याला चार मुलगे. त्यांतला एडवर्ड १८५० मध्येच गेला. थोरला रॉबर्ट, बाप राष्ट्राध्यक्ष होण्यापूर्वीच हार्वर्ड महाविद्यालयात दाखल झाला होता. उरले विली आणि टॅड. राष्ट्राध्यक्षांच्या निवासस्थानी आल्यावर त्यांना शिकवायला घरीच शिक्षक येत. विली फेब्रुवारी १८६२ मध्ये अकराव्या वर्षी विषमज्वराने दगावला. टॅडला बोलताना शब्द नीट उच्चारता येत नसत, आणि बाराव्या वर्षापर्यंत त्याला धड वाचताही येत नव्हते. बापाने त्याच्यामागे शिक्षणाचा तगादा कधी लावला नाही. मुलाला काय काय शिकवावे याची मुख्याध्यापकांना लांबलचक यादी देणारा बाप, या घरात शोधूनही सापडत नाही.

म्हणून बापटांच्या शब्दकळेला काही उणेपणा येतो असे नाही. कविता म्हणून ती मनाला भिडते आणि भिडत राहील. प्रश्न तिच्याखाली छापलेल्या नावाचा आहे. कारण त्या नावाच्या माणसाने खरोखर लिहिलेली पत्रे आहेत, आणि ती आपल्याकडे फारशी कोणी वाचीत नाही.

शिक्षणाविषयीचेच एक पाहा. रॉबर्टचा शाळासोबती जॉर्ज लेथम हार्वर्डच्या प्रवेशपरीक्षेत नापास झाला. रॉबर्टही आदल्या वर्षी त्याच परीक्षेत सपाटून आपटला होता, सोळांपैकी पंधरा विषयांत. ही वार्ता कळताच लिंकनने २२ जुलै १८६० रोजी त्या परक्या मुलाला पत्र लिहिले. स्वतः तो तेव्हा राष्ट्राध्यक्षपदाचा उमेदवार होता. निवडणूक साडेतीन महिन्यांवर आली होती. तरी त्याने सवड काढून त्या पोराला कळवले, की मनाचा निर्धार पक्का असेल तर अपयश टिकत नाही, आणि आता माघार मात्र घेऊ नकोस. पत्र छोटे आहे, त्यात अलंकार नाहीत. लिहिणाऱ्याचे स्वतःचे शालेय शिक्षण सारे मिळून एक वर्षाचेही भरत नव्हते, हे लक्षात घेतले की त्या साध्या ओळींना वजन येते. अमेरिकन संसदेच्या सभासदांच्या कोशासाठी शिक्षणाची माहिती मागितली, तेव्हा त्याने 'सदोष' एवढ्याच अर्थाचा शेरा देऊन तो रकाना भरला होता.

दुसरे पत्र १८४८ च्या अखेरचे, सावत्र भाऊ जॉन्स्टन याला लिहिलेले. भावाने ऐंशी डॉलर उसने मागितले होते. लिंकनने सरळ नकार दिला; तू आळशी नाहीस, पण तुझ्या हातून एक दिवसभर नीट काम झाले असेल असेही वाटत नाही, असे सुनावले. मग एक देऊ केले: येत्या मे महिन्यापर्यंत गावातच राहून, कोणाकडे राबून तू जो जो डॉलर मिळवशील, त्या प्रत्येकाला आपण दुसरा एक डॉलर जोडून देऊ. भिंतीवरच्या पत्रातही कष्टाच्या डॉलरची थोरवी आहेच. इथे मात्र ती आपल्या खिशाला तोशीस लावून सांगितलेली आहे.

दाढीची कथा तर सर्वश्रुत आहे. ग्रेस बेडेल नावाच्या अकरा वर्षांच्या मुलीने ऑक्टोबर १८६० मध्ये त्याला लिहिले, की तुमचा चेहरा फार किडकिडीत दिसतो, दाढी राखलीत तर मते वाढतील. त्याने चारच दिवसांनी उत्तर धाडले, वचन काही दिले नाही, आणि दाढी मात्र राखली. ही कथा खरी आहे. पण असल्या गोड कथांनी त्या माणसाचा मुख्य निर्णय झाकला जातो, हीही वस्तुस्थिती आहे.

तो निर्णय गुलामांच्या मुक्ततेचा. लेथमला पत्र लिहिल्याला बरोबर दोन वर्षे झाली, त्याच दिवशी, २२ जुलै १८६२ रोजी, लिंकनने मंत्रिमंडळापुढे जाहीरनाम्याचा मसुदा वाचला. परराष्ट्रमंत्री सिवर्ड यांनी सुचवले, की रणांगणावर पराभव होत असताना असे काही जाहीर केले, तर ती हताश सरकारची अखेरची किंकाळी वाटेल. एखादा विजय मिळेपर्यंत थांबावे. मसुदा कपाटात गेला. तो तिथे पडून असतानाच, २२ ऑगस्टला, वृत्तपत्रकार होरेस ग्रीली यांना उद्देशून लिंकनने प्रसिद्ध केलेल्या उत्तरात म्हटले, की संघराज्य वाचवणे हा आपला मुख्य हेतू. एकाही गुलामाला मुक्त न करता ते वाचत असेल तर तसे करू, साऱ्यांना मुक्त करून वाचत असेल तर तसे करू. १७ सप्टेंबरला अँटिएटमची लढाई झाली, शत्रू मागे हटला, आणि पाच दिवसांनी प्राथमिक घोषणा निघाली.

अंतिम जाहीरनाम्यावर सही झाली ती १ जानेवारी १८६३ रोजी. त्या सकाळी नववर्षाच्या भेटीला आलेल्या लोकांशी हस्तांदोलन करून करून लिंकनचा हात सुजला होता. सही करताना हात थरथरला तर पुढे लोक म्हणतील की याचे मन कचरले, या धास्तीने त्याने लेखणी खाली ठेवली, हात स्थिर केला आणि सावकाश संपूर्ण नाव लिहिले. एरवी तो नावाचे आद्याक्षर आणि आडनाव एवढीच सही करीत असे.

जाहीरनाम्याची कक्षाही नीट पाहावी. बंडखोर प्रदेशांतील गुलामच त्याने मुक्त ठरवले. केंटकी, मिसुरी, मेरीलँड आणि डेलावेअर ही राज्ये संघराज्यासोबत राहिली होती, आणि तेथील गुलामगिरीला त्या कागदाने हात लावला नाही. या राज्यांना तिकडे 'सीमावर्ती राज्ये' म्हणतात. बेळगाव-निपाणीच्या वाचकाचे कान हा शब्द ऐकताच टवकारतील, आणि निर्णय मोठा असला तरी सीमेवरच्या माणसाला वगळले गेले याचे त्याला फारसे नवलही वाटणार नाही! देशातील सुमारे ४० लाख गुलामांची बेडी कायद्याने पूर्ण तुटली ती डिसेंबर १८६५ मध्ये, घटनेच्या तेराव्या दुरुस्तीने. तोवर लिंकनची हत्या होऊन आठ महिने लोटले होते.

यानंतर अवघ्या आठ वर्षांनी, १८७३ साली, पुण्याच्या जोतीराव फुल्यांनी 'गुलामगिरी' प्रसिद्ध केली आणि ती अमेरिकेच्या संयुक्त संस्थानांतील सज्जन लोकांना अर्पण केली. निग्रो गुलामांसाठी त्यांनी जो त्याग केला त्याबद्दलचा आदर तर त्या अर्पणपत्रिकेत आहेच. आपल्या देशबांधवांनी शूद्रांच्या मुक्तीसाठी तोच कित्ता गिरवावा, ही इच्छाही आहे. अर्पण राष्ट्राध्यक्षाला नाही, लोकांना आहे. जोतीरावांना थोर पुरुषाचे चरित्र नको होते; समाजाने आपले पाप धुऊन काढल्याचा दाखला हवा होता. पुस्तक निघाले त्याच वर्षी सप्टेंबरात सत्यशोधक समाज स्थापन झाला.

जाहीरनाम्याला पन्नास वर्षे झाली त्या १९१३ साली, सयाजीराव गायकवाडांच्या शिष्यवृत्तीवर, भीमराव आंबेडकर न्यूयॉर्कला कोलंबिया विद्यापीठात गेले. त्याच वर्षी राष्ट्राध्यक्ष विल्सन यांच्या राजवटीत वॉशिंग्टनच्या सरकारी कचेऱ्यांतून काळ्या-गोऱ्या कर्मचाऱ्यांना वेगळे बसवण्यास आरंभ झाला. बाबासाहेबांचे आपल्या भागाशी असलेले नाते येथील जुन्या मंडळींना ठाऊक आहे. १९२५ मध्ये निपाणीला भरलेल्या प्रांतिक बहिष्कृत परिषदेचे अध्यक्ष तेच होते. त्यांनी लिंकनला भिंतीवर टांगले नाही. काँग्रेस आणि गांधीजींनी अस्पृश्यांसाठी काय केले याचा हिशेब मांडणाऱ्या १९४५ च्या इंग्रजी ग्रंथात त्यांनी नेमके ग्रीलीला लिहिलेले ते उत्तर पुढे ठेवले. संघराज्य आधी आणि गुलाम मागाहून, असा क्रम लावणारा लिंकन त्यांनी दाखवला, आणि स्वराज्य आधी व अस्पृश्य मागाहून म्हणणाऱ्यांशी त्याची तुलना केली. निवाडा कडक आहे. ग्रीलीला उत्तर लिहिताना मसुदा कपाटात तयार होता, हे ध्यानी घेता तो कुणाला थोडा अन्यायाचाही वाटेल. पण बाबासाहेबांनी मूळ कागद वाचून वाद घातला आहे. त्यांच्याशी वाद घालायचा तर तोच कागद आपणही वाचायला हवा.

सभासदांपैकी कोणाला ही पाने स्वतः चाळायची असतील, तर 'गुलामगिरी' धनंजय कीर आणि स. गं. मालशे यांनी संपादित केलेल्या 'महात्मा फुले समग्र वाङ्मय' या ग्रंथात मिळेल. बाबासाहेबांचा तो ग्रंथ महाराष्ट्र शासनाने काढलेल्या त्यांच्या इंग्रजी लेखन-भाषणांच्या नवव्या खंडात आहे. लेथमला आणि जॉन्स्टनला लिहिलेली पत्रे बास्लर यांच्या खंडांत, आपापल्या तारखांखाली लावलेली आहेत.