पडद्याआडचा स्वरकार : लुडविग योरान्सोन

चित्रगृहांतून बाहेर पडणाऱ्या मंडळींना नटाचें नांव ठाऊक असतें, नटीचें तर असतेंच असतें, फार तर दिग्दर्शकाचेंहि असतें. पण दोन तास ज्याच्या सुरांनीं आपल्याला घाबरविलें, गहिंवरविलें, त्याचें नांव विचारा. बहुतेक जण गप्प राहतील. आपल्याकडे गाण्यांमुळें संगीतकाराला थोडी तरी कीर्ति लाभते. पाश्चात्य चित्रपटांत गाणीं क्वचितच. तेथें त्याचें काम पडद्याआडचें. आज मी ज्यांच्याविषयीं बोलणार आहें, ते स्वीडनचे लुडविग योरान्सोन अशांपैकींच एक. त्यांच्या आडनांवाचें पहिलें अक्षर रोमन लिपींत 'जी' आहे, परंतु स्वीडिश लोक त्याचा उच्चार 'य' असा करतात. इंग्रजी शिकविण्यांत जन्म घालविलेल्या माझ्यासारख्या माणसाला हें पचनीं पडावयास जरा वेळ लागतो.

योरान्सोन यांचा जन्म १९८४ सालीं लिन्शोपिंग या गांवीं झाला. वडील गिटारचे शिक्षक. त्यांनीं मुलाचें नांव बीथोव्हेनवरून ठेवलें. मुलाचा ओढा मात्र 'मेटॅलिका' या अमेरिकन वाद्यमेळाच्या कर्कश विद्युत्-गिटारकडे! पुढें स्टॉकहोमच्या रॉयल संगीत महाविद्यालयांत त्यांनीं जाझचा अभ्यास केला, आणि २००७ सालीं ते लॉस एंजेलिसला गेले. तेथील विद्यापीठांत रायन कूगलर हा चित्रपटकलेचा विद्यार्थी त्यांना भेटला. त्याच्या 'लॉक्स' या छोट्याशा विद्यार्थीपटाला २००९ मध्यें योरान्सोन यांनीं संगीत दिलें, आणि ती जोडी पुढें कधीं तुटली नाहीं. २०१३ चा 'फ्रूटव्हेल स्टेशन', २०१५ चा 'क्रीड', २०१८ चा 'ब्लॅक पँथर', २०२५ चा 'सिनर्स', हे सारे त्या दोघांचे.

येथें मला थोडें थांबावयाचें आहे. 'ब्लॅक पँथर'ची कथा वाकांडा नांवाच्या काल्पनिक आफ्रिकन राज्यांत घडते. उत्तर युरोपांतील एका गोऱ्या तरुणानें आफ्रिकेचें संगीत रचावें, हा अधिकार त्याला कोणीं दिला? प्रश्न उद्धटपणाचा नाहीं. तो विचारलाच पाहिजे. दुसऱ्यांचे चार ढोल उसने आणावयाचे आणि आपल्या व्हायोलिनांच्या गर्दींत शोभेसाठीं टांगावयाचे, ही चाल चित्रसृष्टींत जुनीच आहे. योरान्सोन यांनीं तसें केलें नाहीं. ते सेनेगलला गेले, प्रसिद्ध गायक बाबा माल यांच्या दौऱ्यांत त्यांच्याबरोबर हिंडले, आणि ह्यू ट्रेसी यांनीं १९५४ सालीं दक्षिण आफ्रिकेंत स्थापिलेल्या आफ्रिकन संगीताच्या संग्रहांत जाऊन जुन्या ध्वनिमुद्रिका ऐकत बसले.

मसांबा डिऑप या वादकाचें 'तामा' हें वाद्य डमरूच्या आकाराचें, काखेंत धरावयाचें. दोऱ्या दाबल्या कीं सूर चढतो, सैल सोडल्या कीं उतरतो. म्हणून त्याला बोलका ढोल म्हणतात, आणि तो खरोखरच बोलतो. योरान्सोन यांनीं डिऑप यांना नायक 'टचाला' याचें नांव तालांत उच्चारावयास सांगितलें. तेंच त्या राजाचें स्वरचिन्ह झालें. प्रतिनायकासाठीं फुला लोकांची बांसरी घेतली. वादक तिच्यांत फुंकतां फुंकतां कुजबुजतो, ओरडतो. या साऱ्यांभोंवतीं मग मोठा पाश्चात्य वाद्यवृंद उभा केला. माझें प्रांजल मत विचाराल तर, जेथें हा वृंद फार गर्जूं लागतो तेथें तें संगीत चारचौघांसारखें होतें. जेथें तामा एकटा बोलतो तेथें अंगावर कांटा येतो.

या संगीताला २०१९ च्या फेब्रुवारींत ऑस्कर मिळालें. त्यापूर्वीं दोनच आठवडे 'धिस इज अमेरिका' या गीताच्या ध्वनिमुद्रिकेसाठीं ग्रॅमीहि मिळालें होतें. गायक डॉनल्ड ग्लोव्हर हजर नव्हते, म्हणून पारितोषिक घ्यावयास योरान्सोनच पुढें गेले.

क्रिस्टोफर नोलन यांच्या २०२० च्या 'टेनेट'चें कांहीं चित्रण आपल्या मुंबईंत झालें होतें. त्यांत काळ उलटा धांवतो, म्हणून स्वररचनाहि उलट्या वाजवून पाहिल्या. तेवढ्यांत महामारी आली, आणि वादकांनीं आपापल्या घरीं बसून आपापला भाग मुद्रित केला! या चित्रपटांत संवाद ऐकूं येत नाहींत अशी ओरड झाली. ती रास्त होती. पण ध्वनींचा तोल राखणें दिग्दर्शकाच्या हातीं असतें, त्याचा सगळा बोल संगीतकाराला लावूं नये.

२०२३ च्या 'ऑपेनहायमर'साठीं नोलन यांनीं व्हायोलिन सुचविलें. योरान्सोन यांच्या पत्नी सेरीना स्वतः व्हायोलिनवादक; घरींच दोघांचे प्रयोग चालले. एकच सूर हळुवार असतां असतां क्षणांत सैरभैर करतां येतो, हें त्या वाद्याचें सामर्थ्य. एका रचनेंत तर लय एकवीस वेळां बदलते. एवढे लयबदल सलग वाजविणें अशक्य, तुकड्यातुकड्यांनींच मुद्रण करावें लागेल, असें प्रथम वाटलें होतें. अखेर वादकांनीं ती सलगच वाजविली. २०२४ सालीं त्यांना दुसरें ऑस्कर मिळालें तें याच कामासाठीं.

त्या चित्रपटांत अणुबाँबच्या चांचणीपर्यंत संगीत चढत जातें, आणि स्फोटाच्या क्षणीं एकदम थांबतें. पडद्यावर केवळ प्रकाश. ध्वनि मागाहून पोंचावयाचा असतो. तेवढा वेळ माणसाचा श्वास तेवढा ऐकूं येतो.