सुटका झाली, मग कुलूप कशाला?



पेपरात अधूनमधून बातमी येते. लॉजवर धाड, चार तरुणींची सुटका, दलाल अटकेत. आपण वाचतो, बरं झालं म्हणतो आणि पान उलटतो. त्या चौघींचं पुढे काय झालं, हे बातमीत नसतं. म्हणून आज तेच बोलू या.

सोडवलेली बाई त्या रात्री घरी जात नाही. आधी पोलीस ठाणं, मग मॅजिस्ट्रेटचं कोर्ट आणि तिथून बहुतेक वेळा सुधारगृह. बाई अठरा वर्षांच्या आतली असेल तर गोष्ट वेगळी. ते प्रकरण बालकल्याण समितीकडे जातं आणि तसंच जायला हवं. पण ती बावीस, पंचवीस, तीस वर्षांची असेल तर? मत देते, स्वतःच्या मर्जीने लग्न करू शकते, अशा बाईला तिच्या भल्यासाठी म्हणून किती दिवस कुलपात ठेवायचं?

आपण ज्याला 'पिटा' म्हणतो तो कायदा १९५६ सालचा. त्याचं सतरावं कलम सांगतं की सोडवलेल्या बाईची चौकशी करा. तिचं वय काय, ती इथवर कशी आली, घरचे लोक तिला सांभाळण्याजोगे आहेत का. तिचं म्हणणंही ऐकून घ्या. मॅजिस्ट्रेटच्या मदतीला पाच जणांची समिती घेता येते, त्यात शक्यतो तीन बायका. चौकशी चालू असताना तिला सुरक्षित जागी ठेवता येतं, पण तीन आठवड्यांहून जास्त नाही. त्यानंतर मात्र, तिला काळजी आणि संरक्षणाची गरज आहे असं वाटलं, तर एक ते तीन वर्षं संरक्षणगृहात ठेवण्याचा हुकूम काढता येतो.

एक ते तीन वर्षं! तिला विकणारा अनेकदा त्याच्या आत जामिनावर बाहेर आलेला असतो.

आता दुसरी बाजूही ऐका, कारण ती खोटी नाही. धाड पडल्यावर कोर्टाच्या आवारात कुणी 'मामा' उभा राहतो, कुणी 'नवरा' म्हणून कागद दाखवतो. बाईचं लेकरू त्यांच्याच ताब्यात असतं, नाहीतर तिच्या डोक्यावर न घेतलेलं कर्ज असतं. अशा वेळी ती 'मला यांच्याबरोबर जायचंय' म्हणाली, तर ते बोलणं तिचं की त्यांचं? म्हणून कायद्यात अशीही सोय आहे की नातेवाइकांच्या हवाली करण्याआधी ते खरे आहेत का, याची मॅजिस्ट्रेट एखाद्या मान्यताप्राप्त संस्थेकडून खात्री करून घेऊ शकतात.

मला ते तीन आठवडे पटतात. भीती उतरायला, पोटभर झोपायला, कुणाच्या नजरेखाली न बसता बोलायला तेवढा वेळ लागतोच. त्या दिवसांत तिची भाषा बोलणारी बाई हवी, स्वतःचा वकील हवा, लेकराची खबर मिळायला हवी. हे काही न करता नुसतं वर्षभर कोंडून ठेवलं, तर तिच्या लेखी मालक बदलला, खोली तशीच राहिली.

मुंबईचंच प्रकरण पाहा. २०१९ मध्ये मालाड भागातून विशीतल्या तीन तरुणींना पोलिसांनी सोडवलं. ऑक्टोबरमध्ये मॅजिस्ट्रेटने हुकूम दिला, एक वर्ष वसतिगृहात ठेवा. आईवडिलांकडेही पाठवायचं नाही, कारण त्यांच्या समाजात मुलींना या धंद्याला लावण्याची चाल आहे. सत्र न्यायालयाने तो हुकूम कायम ठेवला. तिघी उच्च न्यायालयात गेल्या. २४ सप्टेंबर २०२० रोजी न्यायमूर्ती पृथ्वीराज चव्हाण यांनी दोन्ही आदेश रद्द केले. त्या सज्ञान आहेत, कुठे राहायचं आणि कोणतं काम करायचं हे ठरवण्याचा हक्क त्यांना राज्यघटनेने दिलाय, त्यांच्या इच्छेविरुद्ध त्यांना अडकवून ठेवता येणार नाही, असा त्या निकालाचा अर्थ. पण तारखा पुन्हा बघा. निकाल आला तेव्हा ते वर्ष संपायला जेमतेम महिना उरला होता.

२०२२ च्या मे महिन्यात सर्वोच्च न्यायालयानेही राज्यांना सांगितलं, की संरक्षणगृहांची पाहणी करा आणि मनाविरुद्ध ठेवलेल्या सज्ञान बायकांना ठरावीक मुदतीत सोडण्याची व्यवस्था करा.

इथे एक गोंधळ नेहमी होतो, शिकलेल्या माणसांचासुद्धा. माणसांच्या व्यापाराच्या गुन्ह्यात बाईची संमती होती की नव्हती, याला महत्त्व नाही. जुन्या दंडविधानात तसं होतं, आताच्या न्याय संहितेच्या १४३ व्या कलमातही आहे. हे बरोबरच आहे, नाहीतर प्रत्येक दलाल म्हणेल, 'ती आपणहून आली.' पण ही तरतूद आरोपीची पळवाट बंद करायला आहे. तिचा आधार घेऊन 'बाईच्या हो-नाहीला किंमतच नाही' असं म्हणत तिला डांबून ठेवणं म्हणजे आरोपीसाठी केलेला फास तिच्याच गळ्यात घालणं.

आणि राहायचं असेल तर? त्याच कायद्याचं एकोणिसावं कलम आहे. मला संरक्षण द्या, निवारा द्या, असा अर्ज बाई स्वतः मॅजिस्ट्रेटकडे करू शकते. या कलमाबद्दल फार कुणी बोलत नाही. आसरा मागण्याजोगा असेल, तिथे शिलाईमशीन आणि चार उपदेशांपलीकडे काही मिळत असेल, तर कितीतरी जणी आपणहून राहतील.

तुमच्या ओळखीची कुणी अशी अडकली असेल, तर आधी मॅजिस्ट्रेटच्या हुकमाची प्रत मागा. त्याविरुद्ध सत्र न्यायालयात अपील करता येतं. वकिलाला पैसे नाहीत म्हणून थांबू नका. बाईला, आणि माणसांच्या व्यापारात सापडलेल्या कुणालाही, उत्पन्न न बघता वकील फुकट मिळतो. जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाचं कार्यालय जिल्हा न्यायालयाच्या आवारातच असतं. फोनवर विचारायचं असेल तर १५१०० हा नंबर लिहून घ्या. आणि अर्जात पहिल्याच ओळीत वय लिहा, सोबत आधार नाहीतर शाळेचा दाखला जोडा.